वस्तीतली माणसं माहितीपटात स्वतः म्हणूनच येतात तेव्हा : कॅमेरा नेण्याआधी, चालू असताना आणि नंतर

गोदाकाठ

नमस्कार मंडळी. २०२७ चा सिंहस्थ तोंडावर आहे, घाटांची आणि रस्त्यांची कामं निघाली आहेत. त्यामुळे नाशिकच्या फुलेनगर, मल्हारखाण, गंजमाळ, वडाळा अशा भागांत कॅमेरा घेऊन जाणारे वाढले आहेत. कॉलेजातली मुलं, संस्था, पत्रकार, हौशी मंडळी, सगळेच. त्यांच्या उपयोगी पडेल असं कामाचं एका जागी जमावं म्हणून हा धागा.

नटाचं पात्र चित्रपटापुरतं असतं. इथे माणूस स्वतःच्या नावानं, स्वतःच्या दारात, स्वतःच्या बोलीत दिसतो. चित्रपट संपल्यावरही तो त्याच गल्लीत, त्याच मुकादमाच्या हाताखाली, त्याच घरमालकाच्या शेजारी राहणार असतो. तेव्हा प्रत्येक निर्णय शेवटच्या खेळानंतरचे दिवस डोळ्यांसमोर ठेवून घ्यायचा, असं मला ठामपणे वाटतं.

सुरुवात माझ्याकडून, कॅमेरा नेण्याआधीच्या कामाची.

पहिल्या किमान तीन फेऱ्या कॅमेऱ्याविना. वेळ बघून जायचं. नाक्यावर उभे राहणारे सकाळी सात-आठलाच बाहेर पडतात, घरकामाच्या बाया दुपारी एक ते चारच्या आसपास घरी सापडतात. नळाला पाणी सुटायच्या वेळेला कुणाशीही बोलायला जाऊ नका. त्या अर्ध्या-पाऊण तासावर अख्ख्या दिवसाचं पाणी अवलंबून असतं. ती वेळ गल्लीगल्लीत वेगळी असते, ती आधी विचारून वहीत लिहा आणि चित्रीकरणाचं वेळापत्रक तिच्याभोवती बांधा.

वस्तीतले 'भाऊ' किंवा मंडळाचे पदाधिकारी यांना भेटावंच लागतं, टाळू नका. पण बोलणारी माणसं त्यांनाच निवडू दिली, तर त्यांच्या जवळचे पाच-सहा चेहरे मिळतात आणि सगळे एकच वाक्य बोलतात. यादी स्वतः करा: निदान एक भाडेकरू, एक एकटी बाई, एक म्हातारं माणूस, एक नुकतंच गावाकडून आलेलं कुटुंब. भाडेकरू हटकून सुटतात, कारण घरमालक शेजारीच असतो आणि बोलायला तोच पुढे येतो.

---

कागदपत्र

चांगला धागा. संमतीबद्दल लिहितो, कारण सगळ्यात जास्त घोळ तिथेच होतो.

संमती दोनदा घ्यायची. एक चित्रीकरणाची, दुसरी दाखवण्याची. पहिल्या दिवशी माणसाला आपण काय बोलणार हेच ठाऊक नसतं, मग ते सगळ्या जगाला दाखवायची परवानगी तो त्याच दिवशी कशी देणार? म्हणून पहिल्या कागदावर फक्त चित्रीकरण. दुसरा कागद कच्चं संकलन दाखवल्यावर.

दुसऱ्या कागदावर ठिकाणं वेगवेगळी लिहा आणि प्रत्येकापुढे हो किंवा नाही: वस्तीतला खेळ, शहरातलं सभागृह, महोत्सव, टीव्ही, यूट्यूब, मोबाइलवरचे छोटे तुकडे. अनेक जण महोत्सवाला हो म्हणतात आणि यूट्यूबला नाही. ते बरोबरच आहे. महोत्सवातला प्रेक्षक गावाकडचा सासरा नसतो. यूट्यूबवर तो असू शकतो. छोट्या तुकड्यांचं वेगळं विचारायलाच हवं. तीस सेकंदांत वाक्य मागच्या-पुढच्या संदर्भावाचून फिरतं.

कागद मराठीत, एका पानाचा, मोठ्या अक्षरात. तो मोठ्यानं वाचून दाखवा आणि ते वाचन, त्यावरचे प्रश्न, शेवटचा होकार हे सगळं ध्वनिमुद्रित करा. ज्याला वाचता येत नाही त्याचा नुसता अंगठा घेणं म्हणजे संमती नव्हे. घरात अहिराणी, वडारी किंवा गोरमाटी चालत असेल, तर त्या बोलीत समजावणारं माणूस सोबत हवं, आणि ते शक्यतो त्याच घरातलं नको. नवऱ्यानं बायकोला समजावलेली संमती ही बहुधा नवऱ्याची संमती असते.

कागदाची एक प्रत त्यांच्याकडे राहिली पाहिजे. तिच्यावर तुमचा फोन नंबर आणि माघार घेण्याची शेवटची तारीख. कच्चं संकलन दाखवल्यापासून पंधरा दिवस ही मुदत व्यवहार्य ठरते.

कायद्याच्या बाजूनं तीन पक्क्या रेषा आहेत. बाललैंगिक अत्याचारातल्या मुलाची ओळख पॉक्सोच्या कलम २३ प्रमाणे उघड करता येत नाही. बालन्याय कायदा २०१५ च्या कलम ७४ खाली कायद्याशी संघर्षात सापडलेल्या किंवा काळजी-संरक्षणाची गरज असलेल्या मुलाचं नाव, पत्ता, शाळा यांतलं काहीच प्रसिद्ध करता येत नाही. बलात्कारपीडितेची ओळख आता भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ मध्ये येते. नुसता चेहरा धूसर करून भागत नाही. आवाज, गल्लीची पाटी, शाळेचा गणवेश, आईचा चेहरा, यांतल्या कशानंही ओळख पटते.

---

ध्वनीवेडी

चित्र हललं तर लोक सोसतात. आवाज कळला नाही तर उठून जातात. म्हणून आवाजाचं सविस्तर.

पत्र्याच्या घरात कॅमेऱ्यावरचा माइक निरुपयोगी. आवाज पत्र्यावर आपटून परत येतो आणि डब्यात बोलल्यासारखं होतं. बूम, म्हणजे काठीला लावलेला माइक, वरून, तोंडापासून दीड ते दोन फुटांवर. खोलीत जेवढ्या गोधड्या आहेत तेवढ्या कॅमेऱ्याच्या मागे आणि बाजूला टांगा किंवा रचा. घुमारा निम्म्यानं कमी झाल्यासारखा वाटतो आणि घरातल्यांना हे काही परकं सामान वाटत नाही.

कॉलर माइक लावायचा असेल तर हनुवटीखाली साधारण एक वीत. साडीवर पदराच्या निरीला लावलात तर सिंथेटिक कापड चरचरतं. ब्लाउजच्या गळ्याच्या काठाला आतून चिकटपट्टीचा त्रिकोण करून बसवा, आणि हे काम बाईनंच करावं. मंगळसूत्राच्या वाट्या माइकवर आपटतात, काचेच्या बांगड्या हातवाऱ्यांबरोबर किणकिणतात. मंगळसूत्र किंवा बांगड्या काढायला सांगू नका. कितीही सोयीचं असलं तरी नाही. माइक हलवा, वर घ्या, बूमवर जा. बांगड्यांचा थोडा आवाज राहिला तर राहू द्या, तो त्या बोलण्याचाच भाग आहे.

पंखा हा मोठा प्रश्न. एप्रिलमध्ये पत्र्याखाली पंखा बंद करून पाऊण तास कुणालाही बसवणं हा छळ आहे. आठ-दहा मिनिटं बंद, मग पाच मिनिटं चालू, पाणी, गप्पा, पुन्हा बंद. फ्रिज असेल तर विचारून बंद करा आणि तुमच्या गाडीची किल्ली त्या फ्रिजमध्ये ठेवा, म्हणजे तो चालू केल्याशिवाय तुम्हाला निघताच येणार नाही. कुणाच्या घरचं दूध तुमच्यामुळे नासता कामा नये.

४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, आवाजाचं टोक उणे १२ डेसिबलच्या आसपास. मुलाखत संपल्यावर त्याच खोलीत, सगळे गप्प असताना, एक मिनिट नुसता खोलीचा आवाज घ्या. संकलनात जोड झाकायला तोच लागतो. पावसाळ्यात पत्र्याखाली मुलाखत ठेवूच नका; पावसाचा आवाज मात्र वेगळा भरपूर मुद्रित करा.

आणि एक गोष्ट ध्वनीपेक्षा मोठी. दोन घरांत फक्त पत्रा असतो. इकडचं बोलणं तिकडे जसंच्या तसं जातं. नवऱ्याची दारू, कर्ज, जातीवरून झालेली शिवीगाळ, असलं काही कुणी बोलणार असेल तर घरात बोलायला लावू नका. बंद झालेली बालवाडी, बागेचा कोपरा, संस्थेची खोली, कुठेही चालेल. चित्र घरातलं हवं म्हणून शेजाऱ्यांच्या कानावर घालायचं, हे बरोबर नाही.

---

पेठरोड

ध्वनीवेडीताई, शेवटचा परिच्छेद प्रत्येकानं पाठ करावा असा आहे.

माझा प्रश्न पैशांबद्दल. बोलणाऱ्याला पैसे द्यावेत की नाही? काही जण म्हणतात दिले की माणूस आपल्याला हवं ते बोलतो.

---

सातपूर_एमआयडीसी

बोलण्याचे पैसे नाहीत, खाड्याचे पैसे हो. रोजंदारीवरच्या माणसाचा अर्धा दिवस घेतलात तरी त्याचा पूर्ण खाडा पडतो, कारण नाक्यावरून माणूस एकदा सकाळी उचलला जातो, दुपारी कुणी विचारत नाही. तेव्हा अर्ध्या दिवसाला पूर्ण दिवसाची मजुरी, त्या नाक्यावर त्या कामाला चालू असलेल्या दरानं. गवंड्याला गवंड्याचा दर, बिगाऱ्याला बिगाऱ्याचा. घरी बसून काम करणाऱ्या बाईचाही खाडा धरा. नगावर मोल असेल तर तेवढ्या वेळात किती नग होतात ते विचारून हिशेब करा. रक्कम आधी ठरवायची, मुलाखत कशी झाली यावर ती कमी-जास्त करायची नाही, आणि सगळ्यांना एकाच नियमानं. वस्तीत आकडा संध्याकाळपर्यंत सगळ्यांना कळतो.

---

कागदपत्र

@सातपूर_एमआयडीसी, खाड्याशी सहमत. पण एवढ्यावर थांबणं मला पटत नाही. चित्रपटाला पुढे पैसे मिळाले तर? फ्रान्समध्ये २००२ साली खेड्यातल्या एका शाळेवरचा माहितीपट अनपेक्षितपणे खूप चालला. त्यातल्या शिक्षकांनी आपला वाटा मागितला, प्रकरण कोर्टात गेलं आणि ते हरले. कायदा बहुधा बोलणाऱ्याच्या बाजूनं नसतो, म्हणूनच आधी लिहून ठेवायला हवं. विक्री झाली किंवा बक्षिसाची रक्कम मिळाली तर खर्च वजा जाता किती टक्के, कुणाला, कशा रीतीनं, हे दोन ओळींत संमतीपत्रावरच लिहा. वस्तीच्या नावानं मोघम देणगी नको. ती एकाच्याच खिशात जाते.

---

सातपूर_एमआयडीसी

टक्केवारीची भीती वेगळी आहे. बहुतेक माहितीपटांना काहीच मिळत नाही, आणि कागदावर 'वाटा' हा शब्द दिसला की अपेक्षा तयार होते. मी तो शब्द विद्यार्थ्यांच्या प्रकल्पात घालणार नाही. विकायच्या हेतूनंच काढत असाल तर जरूर घाला. बाकी आपलं इथे जुळणार नाही.

---

उजेडवाट

चित्राबद्दल.

दहा बाय दहाची खोली, एक दार, एक ट्यूब किंवा एलईडी. दाराचा उजेड निळसर, बल्बचा पिवळट, दोन्ही चेहऱ्यावर पडले की कातडीचा रंग मळकट दिसतो. त्यामुळे बल्ब बंद करा. माणसाला दारापासून तीन-चार फूट आत, दार एका बाजूला येईल असं बसवा. दुसऱ्या बाजूला पांढरी चादर धरली की सावली मऊ होते. एक्स्पोजर चेहऱ्यावर ठरवा, दारावर नाही. दाराबाहेरचं ऊन पांढरं फटक झालं तरी चालेल. सावळ्या चेहऱ्याचे डोळे दिसत नसतील तर त्या माणसाचं बोलणं पोचत नाही.

आपली वीज ५० हर्ट्झची. सेकंदाला २५ फ्रेम आणि एक पन्नासांश सेकंदाचा शटर ठेवला तर ट्यूबची लुकलुक दिसत नाही. स्वस्त एलईडी तरीही पट्टे मारतात. एक शतांश करून बघा, नाहीतर बंद करा. मोबाइलवर करणारे ३० फ्रेमवर तसेच सुटतात आणि घरी गेल्यावर पट्टे दिसतात.

भिंग ३५ मिलिमीटरच्या आसपास. खोली लहान म्हणून १६ चं रुंद भिंग लावलं तर नाक मोठं, भिंती वाकड्या आणि घर भुयारासारखं दिसतं. कॅमेऱ्याची उंची बसलेल्या माणसाच्या डोळ्यांएवढी. तो जमिनीवर बसला असेल तर कॅमेरा अडीच फुटांवर, तिपाईचे पाय पूर्ण पसरून, किंवा पाच किलो तांदळाच्या पिशवीवर. उभ्यानं वरून घेतलेला माणूस प्रत्येक वेळी केविलवाणा दिसतो.

आता कपड्यांबद्दल, कारण यावरून सगळ्यात जास्त वाद होतात. कॅमेरा येणार म्हटल्यावर माणूस ठेवणीतली साडी नेसतो, इस्त्रीचा शर्ट घालतो, पोराच्या केसांना तेल लावतो, भांडी घासून फळीवर ओळीनं लावतो. दिग्दर्शकाला मात्र 'खरं' हवं असतं, म्हणजे मळकं. तो म्हणतो, रोजचे कपडे घाला. असं म्हणू नका. चांगलं दिसायची इच्छा हीसुद्धा त्या माणसाची खरी गोष्ट आहे, आणि तो पडद्यावर स्वतः म्हणून येतोय तर कसा यायचं हे त्यानं ठरवायचं. कामाचे कपडे कामाच्या जागी आपोआप दिसतील. भिंतीवरची बाबासाहेबांची तसबीर, देव्हारा, फ्रेम केलेलं पोराचं प्रशस्तिपत्र, काहीही जागचं हलवू नका. फक्त चौकटीत रेशनकार्ड, आधार, गॅसच्या पुस्तकाचा नंबर, दारावर खडूनं लिहिलेला मोबाइल नंबर येत नाही ना, एवढं बघा.

'परत एकदा हंडा भरून दाखवा' हेही नको. एकदा सुटलं तर उद्या पाणी येईलच, उद्या या.

पोरं लेन्ससमोर नाचतात ही सगळ्यांची तक्रार. पहिली दहा मिनिटं त्यांनाच स्क्रीन दाखवा, त्यांचंच चित्रीकरण करून त्यांना बघू द्या. मग एक माणूस फक्त त्यांच्यासाठी ठेवा. हाकलून काही होत नाही.

फुटेजचा हिशेब: ५० मेगाबिट दरानं तासाला साधारण २२ जीबी. वीस तास म्हणजे साडेचारशे जीबी. दोन हार्ड डिस्क, दोन वेगळ्या घरांत, आणि त्या दिवशीचं दोन्हीकडे उतरल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही.

---

गोदाकाठ

उजेडवाट, कपड्यांबद्दल अगदी मनातलं लिहिलंत.

---

कागदपत्र

चौकटीत काय येतं यावरून आणखी. काही गोष्टी दिसल्या की पुरावा होतात.

विजेचा आकडा. वीज कायदा २००३ च्या कलम १३५ खाली तो चोरीचा गुन्हा आहे आणि तुमच्या फ्रेममध्ये घर, वायर आणि घरमालक तिन्ही दिसतात. छोट्या सिलिंडरमध्ये गॅस भरणं. पोटभाडेकरू. वर चढवलेला माळा. झोपडीच्या पात्रतेसाठी वास्तव्याची तारीख महत्त्वाची असते (१ जानेवारी २००० पूर्वीचं संरक्षण, २०११ पर्यंतच्यांना सशुल्क पुनर्वसन), आणि कुणी सहज बोलून जातं, 'आम्ही आलो दहा-बारा वर्षांपूर्वी'. ते वाक्य पुढे त्यांच्याच विरुद्ध वापरलं जाऊ शकतं.

गोदाकाठच्या वस्त्यांत पुराबद्दल विचारताना हीच काळजी. निळी रेषा म्हणजे पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल रेषा शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. निळ्या रेषेच्या आत बांधकामाला मनाई. 'दरवर्षी आमच्या दारात पाणी येतं' हे मदतीसाठी बोललेलं वाक्य उद्या घर हलवण्याच्या फाइलला लागू शकतं. याचा अर्थ ते कापा असा नाही. ते बोलणाऱ्याला आधी समजावून सांगा, मग ठेवायचं की नाही ते त्याला ठरवू द्या.

---

खानदेशी

पुराचं निघालं म्हणून. नाशिकचा माणूस पाण्याची उंची मीटरमध्ये सांगत नाही, गोदाघाटावरच्या दुतोंड्या मारुतीच्या अंगावर सांगतो: गुडघ्याला लागलं, कमरेला लागलं, गळ्यापर्यंत आलं. हे संकलनात कापलं जातं, कारण बाहेरच्याला कळणार नाही म्हणतात. कापू नका, मारुतीचं एक दृश्य जोडा म्हणजे झालं.

तसंच उपशीर्षकांत बोली सुधारू नका. अहिराणी बोलणाऱ्याच्या तोंडाखाली पुस्तकी मराठी आली की दोन माणसं बोलल्यासारखी वाटतात. दोन ओळींपेक्षा जास्त नको, आणि वाचणाऱ्याला निदान दोन सेकंद मिळू द्या. मात्रा-वेलांट्यांमुळे देवनागरीला ओळींत जास्त अंतर लागतं, नाहीतर उकार खालच्या ओळीत घुसतात.

नावाची पट्टी कशी हवी ते माणसालाच विचारा. आडनावावरून जात कळते. काहींना म्हणूनच ते नको असतं आणि काहींना म्हणूनच ते ठळक हवं असतं. या शहरात २ मार्च १९३० ला काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. आडनाव अभिमानानं लावणारी घरं इथे पुष्कळ आहेत. आणि 'झोपडपट्टीवासी' असली पट्टी कुणाच्याही खाली नको. शिवणकाम, हमाली, बारावी, जे असेल ते लिहा.

---

पेठरोड

कच्चं संकलन दाखवायचं म्हणता, पण सगळ्यांना दाखवलं तर प्रत्येक जण काही ना काही काढायला सांगेल. चित्रपट उरेल का?

---

गोदाकाठ

उरतो. कॅनडात १९६७ साली फोगो बेटावर राष्ट्रीय फिल्म मंडळानं कोळ्यांबरोबर फिल्म केल्या, तेव्हा बोलणाऱ्याला आपलं चित्रण आधी दाखवायचं आणि त्याच्या संमतीनंच पुढे न्यायचं ही पद्धत पाळली. ते काम आजही अभ्यासलं जातं. उलट बाजूनं बघा: लंडनच्या गरीब वस्तीतल्या लोकांना थेट कॅमेऱ्यासमोर बोलू देणारा 'हाउसिंग प्रॉब्लेम्स' १९३५ चा. उंदीर, ढेकूण, ओल, सगळं लोकांच्या तोंडून, आणि ते खरंच आहे. पण पैसा गॅस कंपन्यांच्या संघटनेचा होता, आणि चित्रपट जिथे पोचतो ती नवी घरं त्यांच्या सोयीची. बोलणं लोकांचं, निष्कर्ष दुसऱ्याचा. असं होऊ नये म्हणूनच संकलन दाखवायचं. 'हमारा शहर' या १९८५ च्या माहितीपटात तर वस्तीतल्या बाईनं कॅमेरेवाल्यांवर काढलेला रागच ठेवला आहे. विरोधाचं वाक्य आलं म्हणून चित्रपट मोडत नाही.

व्यवहारात असं: आधी प्रत्येकाला लॅपटॉपवर, फक्त त्याचा भाग आणि त्याच्या मागचा-पुढचा प्रसंग. एकेकट्याला. गर्दीत कुणी 'हे काढा' म्हणत नाही. तीन गोष्टी विचारा: चुकीचं काय आहे, धोक्याचं काय आहे, नको काय वाटतं. चुकीचं आणि धोक्याचं निघालंच पाहिजे. तिसऱ्यावर बोलता येतं, पण शेवटचा शब्द त्यांचा.

मग वस्तीत खेळ. समाजमंदिर किंवा मोकळी जागा, अंधार पडल्यावर, स्वयंपाक उरकून बाया येतील अशा वेळी, म्हणजे साडेआठला. तीन हजार ल्युमेनचा प्रोजेक्टर, आठ फूट रुंद पडदा, दोन स्पीकर, वीस मीटरची वायर. उघड्यावर असेल तर रात्री दहाच्या आत संपवा, ध्वनिक्षेपकाला तीच मर्यादा आहे. बाहेरचा प्रमुख पाहुणा नको. पुढच्या रांगेत चित्रपटात बोललेली माणसं.

---

उजेडवाट

ड्रोनबद्दल कुणी विचारायच्या आत: देवळालीचा तोफखाना, ओझरचं विमानतळ, नाशिकरोडचा नोटांचा छापखाना यांमुळे शहराभोवती बंदीचे पट्टे आहेत. ड्रोन नियम २०२१ प्रमाणे डिजिटल स्काय या सरकारी संकेतस्थळावरचा नकाशा पाहिल्याशिवाय उडवू नका. शिवाय वरून उघड्यावरच्या मोऱ्या दिसतात, आणि तिथे बाया अंघोळ करत असतात. मी तर ड्रोन नकोच म्हणेन.

---

पेठरोड

शेवटचं. चित्रपट लागल्यावर वर्षभरानं कुणी म्हणालं, आता काढा, तर?

---

कागदपत्र

यूट्यूबवर असेल तर तेवढा तुकडा तिथल्याच संपादकात कापता येतो, लिंक आणि दर्शकसंख्या तशीच राहते, पुन्हा चढवावं लागत नाही. महोत्सवाला दिलेली प्रत बदलून पाठवायची. ज्यांनी आधीच उतरवून घेतलंय ते परत येत नाही, हे पहिल्याच दिवशी सांगायचं असतं. लग्न ठरताना, नोकरी लागताना, घराची सुनावणी असताना असे फोन येतात. म्हणून प्रतीवरचा नंबर निदान पाच वर्षं चालू राहणारा हवा. विद्यार्थ्यांचा प्रकल्प असेल तर विभागाचा नंबर घाला, मुलं पास होऊन जातात. आणि कोणत्या मिनिटाला कोण दिसतं याची यादी फुटेजच्या दोन्ही डिस्कवर ठेवा, म्हणजे फोन आला त्याच दिवशी काम होतं.